इरिनी पापाच्या भुवया

पितृपंधरवडा चालू होता आणि आम्ही घटस्थापना शूट करत होतो. मालिकांचं पंचांग असंच असतं, दसरा पितरांत आणि दिवाळी दसऱ्याला. घोडबंदर रोडवरच्या बंगल्यात सकाळी सातचा कॉल होता. दोन सासवा, तीन सुना आणि एक खाष्ट आत्या असे सहा चेहरे एकामागून एक माझ्या खुर्चीवरून उठून गेले होते. संध्याकाळच्या चहाला फोन हातात घेतला तर बातमी दिसली, ग्रीक नटी इरीन पापास गेली. 14 सप्टेंबर 2022.

आदल्याच दिवशी फ्रेंच दिग्दर्शक गोदार गेला होता आणि त्याच्या थोडे दिवस आधी इंग्लंडची राणी. राणीवर आमच्या मेकअप रूममध्ये बरीच चर्चा झाली होती, मुख्यतः तिच्या टोप्यांवर. गोदारसाठी आमच्या कॅमेरामनने स्टेटस ठेवलं होतं. इरीन पापाससाठी कुणी काही करेल असं वाटत नव्हतं, तरी मी म्हणाले, "अगं, इरीन पापास गेली." आमच्या खाष्ट आत्या (बाई प्रत्यक्षात अगदी गरीब गाय आहेत) चहाचा कप खाली ठेवून म्हणाल्या, "अरेरे! कुठल्या प्रॉडक्शनला होती?"

तेव्हापासून लिहीन लिहीन म्हणतेय.

मी तिला ओळखते ती भुवयांवरून. काळ्याभोर, जाड, नाकाच्या मुळाशी एकमेकींना भेटायला निघालेल्या. कमान जवळपास नाहीच. अशा भुवयांची मुलगी माझ्या खुर्चीत बसली तर पाच मिनिटांत ईपी, म्हणजे एक्झिक्युटिव्ह प्रोड्यूसर, डोकावून जाईल, "ताई, जरा शेप द्या ना." आम्ही शेप देतो. बारीक करतो, टोक वर खेचतो, मग पेन्सिलने परत जाड करतो. देवाने फुकट दिलेलं उपटायचं आणि पेन्सिलने परत काढायचं, हा आमचा धंदा आहे.

मी या लाइनीत आले ती हेअर ड्रेसर म्हणून, 1995 साली. मेकअप येत होता, पण बाईने मेकअप करायचा नाही असा युनियनचा नियमच होता. केस बाईने करायचे, चेहरा पुरुषाने. कार्ड मिळायचं ते हेअर ड्रेसरचं, आणि चोरून कुणाच्या तोंडाला ब्रश लावला तर दंड. 2014च्या नोव्हेंबरात सुप्रीम कोर्टाने हे चालणार नाही म्हणून सांगितलं, तोवर माझी एकोणीस वर्षं कंगव्यात आणि आकड्यांत गेली होती. पण त्याचा एक फायदा झाला. केस करणारी बाई कायम मागे उभी असते. समोर आरसा असतो आणि आरशात चेहरा. मी एकोणीस वर्षं चेहरे आरशात वाचले, हात न लावता.

त्या काळात एका ज्येष्ठ बाईंचे केस मी करायचे. नाटकातल्या. नाव लिहिलं तर रागावतील. एकदा मी त्यांचा अंबाडा घालत होते आणि त्या बोटाने भुवईवरून हात फिरवत म्हणाल्या, "पंचविशीत एका शहाण्याने सांगितलं, भुवया बारीक कर, कॅमेऱ्याला बऱ्या दिसतील. केल्या. परत आल्याच नाहीत गं." दुसऱ्या दिवशी त्यांनी मला एक व्हीसीडी आणून दिली. 'झोर्बा द ग्रीक', 1964चा. म्हणाल्या, "त्यातली विधवा बघ. बाकी तो नाचतो वगैरे ते सगळ्यांना माहीत असतं."

मी बघितला. बाई म्हणाल्या त्यात खोटं नव्हतं, अँथनी क्विनचा समुद्रकाठचा नाच सगळ्यांना माहीत असतो. लीला केद्रोवाला म्हाताऱ्या फ्रेंच बाईच्या भूमिकेसाठी ऑस्कर मिळालं, कॅमेरामन वॉल्टर लॅसलीला मिळालं, कलादिग्दर्शनाला मिळालं. (लॅसली पुढे त्याच गावात, क्रीट बेटावरच्या स्ताव्हरोसला, राहायला गेला आणि आपलं ऑस्कर तिथल्या एका खाणावळीत ठेवायला दिलं. 2012मध्ये ती खाणावळ जळली, त्यात तेही गेलं. मला हा माणूस फार आवडतो.) इरीन पापासला काही मिळालं नाही. तिच्या पात्राला सिनेमात नावसुद्धा नाही. नुसतीच 'विधवा'. संवाद हाताच्या बोटांवर मोजावेत इतके.

पहिल्यांदा ती दिसते ती पावसात. तिची बकरी गावातल्या पुरुषांनी कॅफेत लपवून ठेवली आहे आणि ती शोधत येते. काळे कपडे, काळा रुमाल, सगळं भिजलेलं. आत पुरुषच पुरुष, दात काढतायत. एका पुरुषी टोळक्यात बाई शिरली की आम्ही मालिकेत काय करू? तिचे डोळे मोठे करू, ओठ थरथरवू, तीन बाजूंनी तीन क्लोजअप आणि वर ढॅण ढॅण. ती काही करत नाही. मान ताठ, नजर जमिनीच्या जरा वर. त्या भुवया तेवढ्या किंचित खाली येतात. बस. बघणाऱ्याला कळतं की हिला हे नवीन नाही, आणि हे सगळे हिला घाबरून आहेत. परका इंग्रज तिला आपली छत्री देतो. तिथूनच तिच्या मरणाला सुरुवात होते, कारण गावातला एक पोरगा तिच्यावर जीव टाकून आहे. तिच्या घरी परका येऊन गेला हे कळल्यावर तो समुद्रात जीव देतो आणि खुनाचं पाप तिच्या डोक्यावर बसतं.

चर्चच्या आवारात तिला घेरतात तो प्रसंग मी त्या रात्री दोनदा बघितला आणि नंतर मात्र कधी सलग बघू शकले नाही. दगड येतायत, ती एका बाजूने वाट शोधते, तिथे माणसं, दुसरीकडे वळते, तिथेही माणसं. झोर्बा येतो, सुरा काढलेल्याला लोळवतो, तिचा हात धरून तिला बाहेर काढू लागतो. आपल्याला वाटतं सुटली. आणि मेलेल्या पोराचा बाप पुढे होऊन तिचा गळा चिरतो. ती किंचाळत बसत नाही. ज्याने छत्री दिली तो सभ्य माणूस बाजूला नुसता उभा आहे.

मला त्या बाईत आमची आत्याआजी दिसली. मी मूळची कुरुंदवाडची. आमच्या वाड्यात वडिलांची आत्या होती, मी पाच-सहा वर्षांची असताना ती पंच्याहत्तरीची असेल. लाल आलवण, डोक्यावरून पदर घट्ट ओढलेला. महिन्यातून एकदा न्हावी मागच्या दाराने यायचा आणि आम्हा मुलांना पुढच्या ओसरीवर हाकललं जायचं. एकदा मी गेले नाही, तुळशीवृंदावनाच्या आडून बघितलं. मान खाली घालून पाटावर बसली होती आणि न्हाव्याशी पावसापाण्याचं बोलत होती. बोलणं इतकं साधं, की जणू नखं काढून घेतेय. मी पुढे आयुष्यभर बायकांच्या केसांत हात घालून पोट भरलं त्याचं मूळ त्या पाटाशी आहे की काय, कोण जाणे. पण चेहरा काही न सांगता सगळं कसा सांगतो हे मी पहिल्यांदा तिथे बघितलं होतं.

आणि योगायोग बघा. कुरुंदवाडपासून हाकेच्या अंतरावर हेरवाड आहे. पापास गेली त्याच वर्षी, 2022च्या मे महिन्यात, हेरवाडच्या ग्रामसभेत ठराव झाला की नवरा गेल्यावर बाईचं कुंकू पुसायचं नाही, बांगड्या फोडायच्या नाहीत. त्याच महिन्यात सरकारने परिपत्रक काढून इतर गावांनाही ते सुचवलं. आत्याआजी गेली त्याला तेव्हा चाळीस वर्षं होत आली होती.

त्यानंतर मी तिचे सिनेमे मिळतील तसे गोळा केले. आधी व्हीसीडी, मग पायरेटेड डीव्हीडी, मग यूट्यूब. हळूहळू बाईची जन्मकुंडलीच जमली.

जन्म कॉरिंथजवळच्या हिलिओमोदी गावातला. आई शाळामास्तरीण, वडील जुनी ग्रीक नाटकं शिकवणारे. माहेरचं आडनाव लेलेकू (लेल्यांची कुणी लागत नाही). पहिलं लग्न 1948 साली, अल्किस पापास या दिग्दर्शकाशी. 1951मध्ये मोडलं. नवरा गेला, आडनाव राहिलं, आणि तेच आडनाव पुढे पोस्टरांवर चढलं. त्यातही गंमत अशी की ग्रीक भाषेत बाईचं आडनाव पुरुषासारखं चालत नाही, तिथे ती 'इरिनी पापा'. 'पापास' हे पुरुषाचं रूप, बाहेरच्या जगाने तिला चिकटवलेलं. इरिनी म्हणजे शांती. आपल्याकडे असती तर शांताबाई झाली असती.

अथेन्सच्या नाट्यशाळेत शिकली, 1948मध्ये पहिला सिनेमा केला. 'मृत नगरी' नावाचा तिचा ग्रीक सिनेमा 1952मध्ये कान्सला गेला आणि इटालियन निर्मात्यांची नजर तिच्यावर पडली. मग रोममध्ये 'अत्तिला', 'थिओडोरा' असले तलवारी-आणि-झगे सिनेमे. 'अत्तिला'त सोफिया लॉरेनही आहे आणि अँथनी क्विनही. क्विन आणि ही पुढे इतक्यांदा एकत्र आले की लोकांना तो ग्रीकच वाटायला लागला, होता मेक्सिकोचा. हॉलिवूडने 1956मध्ये तिला एका काउबॉयपटात जेम्स कॅग्नीसमोर उभं केलं. कॅग्नी उंचीला बेताचा, ही चांगली उंच. तो सिनेमा मी बघितला आणि विसरले. हॉलिवूडला तिचं काय करायचं हे कळलं नाही, एवढंच त्यातून कळतं. गोड दिसायला सांगावं तर ती गोड दिसत नाही. ती सुंदर आहे, पण ते सौंदर्य खुशामत करत नाही.

'गन्स ऑफ नॅव्हरोन' (1961) मात्र आपल्याकडच्या बऱ्याच जणांनी बघितलाय, आमच्या बाबांनी तर कोल्हापूरला जाऊन तीनदा. त्यांना त्यातल्या तोफा आठवायच्या, ग्रेगरी पेक आठवायचा. मी विचारलं, "आणि ती बाई?" तर म्हणाले, "कोण, ती बंदूकवाली? ती कडक होती." फितूर झालेल्या मैत्रिणीवर गोळी कुणी झाडायची यावर पुरुष घुटमळत असतात तेव्हा हीच झाडते. कडक हा शब्द बरोबर आहे.

पण खरी इरिनी पापा सापडते ती मायकेल काकोयानिसच्या सिनेमांत. 1962चा 'इलेक्ट्रा'. त्यातही लॅसलीचा कॅमेरा, संगीत मिकिस थिओडोराकिसचं. कान्सला बक्षीस, ऑस्करला नामांकन. मी तो धंद्याच्या नजरेने बघते. बापाचा खून आईनेच करवलाय आणि इलेक्ट्राला एका गरीब शेतकऱ्याच्या गळ्यात बांधून राजवाड्याबाहेर घालवलंय. केस आखूड कापलेले, अंगावर काळं जाडंभरडं कापड. ऊन थेट तोंडावर. कपाळ चमकतंय आणि ते कुणी पावडर मारून मारलेलं नाही! आमच्याकडे कपाळ चमकलं की तिघं पफ घेऊन धावतात. नाकाच्या बाजूची रेघ, ओठांच्या भेगा, सगळं तिथल्या तिथे. आणि मग रथातून आई येते, क्लायटेम्नेस्ट्रा. अलेका कात्सेली नावाच्या नटीने ती केलीय. नटलेली, दागिन्यांनी मढलेली, डोळे रंगवलेले. मुलीने बाळंत झाल्याचं खोटं सांगून तिला बोलावलंय, मारायला. त्या झोपडीच्या दारात दोन चेहरे समोरासमोर येतात, एक पूर्ण मेकअपचा आणि एक बिनमेकअपचा. कोण खोटं बोलतंय? बिनमेकअपचा चेहरा. माझ्या धंद्यातल्या सगळ्या सोप्या समजुती त्या एका प्रसंगात उलट्या होतात.

आता पुढची पंधरा वर्षं ओलांडा. 1977, 'इफिजिनिया', तोच काकोयानिस. आता ती स्वतः क्लायटेम्नेस्ट्रा आहे. जिला तिने मुलगी म्हणून मारलं, तिच्याच जागी आई म्हणून उभी राहिली. गोष्ट मात्र आधीची: थोरल्या मुलीचं लग्न अकिलीसशी ठरलंय असं सांगून बापाने मायलेकींना छावणीवर बोलावलंय, आणि खरं कारण असं की वारा सुटावा, जहाजं ट्रॉयला निघावीत म्हणून त्या पोरीचा बळी द्यायचाय. पापास सुरुवातीला अगदी आपल्याकडच्या वधूमायसारखी येते, सामानसुमान, लगबग, चेहऱ्यावर व्याह्यांबद्दलचं कुतूहल. नोकर खरं सांगतो तेव्हा ती वधूमाय डोळ्यांदेखत गळून पडते. आधी भीक, मग आरडाओरडा, मग गप्प. शेवटी वारा सुटतो. केस तोंडावर येतायत आणि केसांच्या आडून ती जहाजांकडे बघतेय. संवाद नाही. पण 'इलेक्ट्रा' बघितलेल्या माणसाला तिथे कळतं की ही नवऱ्याला मारणार, आणि आपणही तिच्या बाजूने असतो. पंधरा वर्षांपूर्वी याच नटीने आपल्याला तिच्या विरुद्ध उभं केलं होतं.

हे केस तोंडावर येणं कुणाला साधं वाटेल. मला विचारा. पेडेस्टल पंखा लावून एक बट बरोबर डोळ्यावर आणायला मी अर्धा अर्धा तास घालवलाय, आणि नटीने प्रत्येक वेळी ती मागे सारलीय.

मधे 1971चा 'ट्रोजन विमेन' आहे, त्यात ती हेलन. कॅथरीन हेपबर्न, व्हॅनेसा रेडग्रेव्ह असल्या दिग्गज बायका एकीकडे, आणि जिच्यापायी सगळं युद्ध झालं ती हेलन एका लाकडी खोपटात कोंडलेली. आधी दिसतात ते फक्त डोळे, फळ्यांच्या फटीतून. मग भुवया. बाहेर बायका घोटभर पाण्याला तरसतायत आणि ही आत त्या पाण्याने अंग धुतेय. हेलन म्हणजे नाजूक, सोनेरी असं जगाने ठरवून टाकलंय. इथे ती काळ्या केसांची, जनावरासारखी सावध आहे आणि तिला फक्त जगायचंय. अमेरिकेच्या नॅशनल बोर्ड ऑफ रिव्ह्यूने त्या वर्षी सर्वोत्कृष्ट अभिनेत्री म्हणून तिला निवडलं. ऑस्करवाल्यांनी आयुष्यात एकदाही नामांकन दिलं नाही.

टीव्हीबद्दल लिहायलाच हवं, कारण माझी भाकरी टीव्हीची आहे. 1968मध्ये इटलीच्या सरकारी वाहिनीने, राईने, 'ओडिसी' या जुन्या ग्रीक महाकाव्यावर मालिका काढली. दिग्दर्शक फ्रँको रोस्सी, ओडिसियस झाला युगोस्लाव्हियाचा बेकिम फेहमियू आणि पेनेलोपी झाली इरिनी पापा. प्रत्येक भागाच्या सुरुवातीला म्हातारा कवी उंगारेत्ती काव्यातल्या ओळी वाचायचा. (आपल्याकडे मालिकेच्या सुरुवातीला डिस्क्लेमर वाचतात.) वीस वर्षं नवऱ्याची वाट बघणारी बायको म्हटल्यावर आमच्याकडे काय होईल ते सांगायला नको, तुळशीपुढे दिवा आणि डोळ्यांत ग्लिसरीन. पापासची पेनेलोपी थकलेली आहे, संशयी आहे, घरात घुसलेल्या मागणीदारांना रोज तोंड देऊन देऊन धूर्त झालेली आहे. नवरा समोर आला तरी चटकन विश्वास ठेवत नाही.

मग 1974मध्ये बर्ट लँकेस्टरच्या 'मोझेस' मालिकेत त्याची बायको. आणि 1997मध्ये अमेरिकन टीव्हीवर पुन्हा 'ओडिसी' आली, आंद्रेई कोंचालोव्स्कीची, त्यात इरिनी पापा आहे ओडिसियसची आई, अँटिक्लिया. एकोणतीस वर्षांनी त्याच घरात, सुनेची सासू होऊन! आमच्याकडे हे स्थित्यंतर तीन वर्षांत होतं. लीप घेतला, म्हणजे गोष्ट एकदम काही वर्षं पुढे नेली, की नायिकेच्या कानशिलावर मी पांढरा रंग लावते आणि तिच्यापेक्षा चार वर्षांनी लहान मुलगा तिला आई म्हणायला लागतो. सगळ्या नट्यांना त्या पांढऱ्या रंगाची भीती असते. लावताना त्यांच्या मानेचे स्नायू कसे ताठ होतात ते माझ्या बोटांना कळतं. पापासला ती भीती नसावी. 1983च्या 'एरेन्दिरा'त ती नातीला गावोगाव विकून जळलेल्या घराची किंमत वसूल करणारी आजी झाली, आणि इतकी मजेत झाली की बघताना आपल्याला स्वतःची लाज वाटते.

मी तिला सोशिक बायांची नटी करून टाकतेय का? तसं नाही. 1967च्या एप्रिलमध्ये ग्रीसमध्ये लष्कराने सत्ता घेतली तेव्हा ती उघड विरोधात गेली. त्या राजवटीला 'चौथं राइश' (तिसरं हिटलरचं) म्हणाली, जगातल्या कलाकारांनी यांच्यावर बहिष्कार टाकावा असं आवाहन केलं आणि राजवट पडेपर्यंत देशाबाहेर राहिली. त्या काळात कोस्ता गाव्रासचा 'झेड' आला, 1969 साली. थेस्सालोनिकीत 1963मध्ये मारल्या गेलेल्या लाम्ब्राकिस या खासदाराची गोष्ट, ग्रीसमध्ये शूट करणं शक्यच नव्हतं म्हणून अल्जीरियात केलेली. संगीत पुन्हा थिओडोराकिसचं. खासदाराची बायको इरिनी पापा. भूमिका केवढीशी! दवाखान्यात येते, वाट बघते, नवऱ्याच्या वस्तूंपाशी जाऊन उभी राहते. शेवटी तरुण मंडळी धावत तिला सांगायला येतात की मोठमोठ्या अधिकाऱ्यांवर आरोपपत्र ठेवलंय, आपण जिंकलो! तिचा चेहरा उजळत नाही. ती त्यांच्याकडे बघते आणि नजर दुसरीकडे वळवते. थिएटरात टाळी वाजवायला उचललेले हात तिथेच राहत असणार. पुढच्या दोन मिनिटांत सिनेमा सांगतोच की ती का हसली नाही. साक्षीदार कसे मेले आणि लष्कराने कशाकशावर बंदी घातली. त्या बंदीच्या यादीत लांब केस आहेत, बीटल्स आहेत आणि सोफोक्लीसही आहे. लांब केसांवर बंदी ऐकून मी हेअर ड्रेसर म्हणून दचकले होते.

एक गोष्ट माझ्या भाच्यामुळे कळली. तो पुण्यात गिटार वाजवतो आणि जुने रॉक ऐकतो. त्याने एकदा हेडफोन माझ्या कानात घातले, "मावशी, हे ऐक, तुझीच बाई आहे." 1972चा '666' नावाचा अल्बम, बँड अफ्रोडाइट्स चाइल्ड, संगीत व्हँगेलिसचं. ढोलांवर एक बाई पाच मिनिटं तेच ते शब्द म्हणतेय, मी होते, मी आहे, मी येणार आहे. आधी कुजबुज, मग वाढत वाढत किंकाळ्या. बाळंतकळा की काम की अंगात आलंय, काही कळत नाही. मी लोकलमध्ये होते. पाचव्या मिनिटाला हेडफोन काढून इकडेतिकडे बघितलं, कुणी ऐकलं तर नाही ना. भाचा हसत होता. पण मला आमच्या गावच्या देवळात वारं अंगात येणाऱ्या बायका आठवल्या. अशाच, आधी हळू. त्याच व्हँगेलिसबरोबर तिने पुढे जुन्या ग्रीक लोकगीतांचा 'ओडेस' हा अल्बम केला, तो मी घरी भाजी निवडताना लावते. व्हँगेलिसही 2022मध्येच गेला, मे महिन्यात.

शेवटची काही वर्षं तिला अल्झायमर होता. हिलिओमोदीला जन्मली आणि तिथेच गेली.

तर आता या महिन्यातली गोष्ट. आमच्या मालिकेत धाकट्या सुनेचा नवरा अपघातात गेला (जाणार नव्हता, पण टीआरपीचे आकडे पडले). मुलगी तेवीस वर्षांची, सांगोल्याकडची, पहिलीच मालिका. लुक टेस्टला आली तेव्हाच मी तिच्या भुवया बघितल्या होत्या. जाड, सरळ. तिला थ्रेडिंग करून यायला सांगितलं होतं आणि बिचारी विसरली म्हणून घाबरली होती. मी म्हटलं, "पार्लरला जाऊ नकोस. कुणी विचारलं तर माझं नाव सांग."

'विधवा लुक' म्हणजे चॅनेलच्या भाषेत फिकी साडी, टिकली नाही, पण न्यूड लिपस्टिक, खोट्या पापण्या आणि गालावर थोडा ग्लो. मी पापण्या लावायला विसरले. ग्लोही विसरले. वय झालं आता. दिग्दर्शक नवा पोरगा आहे, त्याने मॉनिटरवर बघितलं आणि काही न बोलता कॅमेरा एक फूट पुढे घ्यायला सांगितला. पोरगी नवऱ्याच्या फोटोसमोर उभी होती. तिला रडायचं होतं, पण रडू येईना. ग्लिसरीनची बाटली घेऊन मी पुढे झाले तर दिग्दर्शकाने हातानेच थांबवलं. ती तशीच उभी राहिली. भुवया जराशा खाली आल्या.

दुसऱ्या दिवशी चॅनेलकडून आलं, सीन छान, फक्त मुलीच्या आयब्रोज क्लीन करा. ईपी स्वतः मेकअप रूममध्ये येऊन उभा राहिला. मी मुलीला खुर्चीत बसवलं, चिमटा घेतला, डाव्या भुवईच्या खालचा एक केस काढला, उजव्या भुवईच्या खालचा एक. दोन्ही टिश्यूवर ठेवून त्याला दाखवले.

त्याने वाकून बघितलं, मग मुलीकडे बघितलं आणि म्हणाला, "आता कसं छान दिसतंय."